डॉन नासारिओंनी पिब पुरला

पाणीपुरवठ्याच्या कचेरीतून हेडक्लार्क म्हणून निवृत्त झालेल्या माणसाने पुढे काय करावं, याबद्दल साकचेन गावात पूर्ण एकमत होतं. काहीही करू नये. दुपारी हॅमॉकच्या झोळीत पडावं, संध्याकाळी चौकातल्या सिमेंटच्या बाकावर बसावं आणि नळाला पाणी का येत नाही हे येणाऱ्याजाणाऱ्याला समजावून सांगावं. डॉन नासारिओ तुयुब यांनी काही महिने हे सगळं मन लावून केलं. मग एका रविवारी जेवता जेवता त्यांनी जाहीर केलं की आपण पर्यटनाचा धंदा सुरू करतोय.

“कुठे निघालास?” सासूबाईंनी विचारलं. डोन्या बासिलिआ चुलीपुढच्या बुटक्या स्टुलावर बसून तव्यावरच्या मक्याच्या तोर्तिया बोटांनीच उलटत होत्या. लेक वारल्यावरही त्या जावयाकडेच राहिल्या. पुढचं सिमेंटचं घर जावयाचं होतं; मागच्या अंगणातलं झावळ्यांनी शाकारलेलं स्वयंपाकघर त्यांचं होतं. त्यामुळे घरात कोणाचं चालतं हे वेगळं सांगायला नको.

“मी नाही निघालो. लोक येणार. परदेशी. लहान गट, फार तर सहा जण. सकाळी सायकलवरून रानात फिरायचं, मग गुहेतल्या डोहात पोहायचं, आणि दुपारी इथे बसून आपलं माया लोकांचं अस्सल जेवण. तुमच्या हातचं.”

“इथे? हे पाडून तू मोटारीची शेड बांधणार होतास ना?”

डॉन नासारिओंकडे मोटार नव्हती, पण शेडचा विचार होता हे खरं. नोकरी लागल्यावर त्यांनी पुढे पक्कं घर बांधलं, त्यात गॅसची शेगडी आणली, आणि धुराने काळं झालेलं मागचं खोपट आल्यागेल्याला दिसू नये म्हणून मध्ये शोभेच्या झाडांची रांगही लावली. आता लोक मुद्दाम खोपटच बघायला येणार होते आणि त्यासाठी ती झाडं तोडावी लागणार होती. माणसाला आपली मतं बदलता आली पाहिजेत, असं ते म्हणाले.

“आणि त्यांच्याशी इंग्रजी कोण बोलणार?” यामिलीने विचारलं.

हा प्रश्न अडचणीचा होता. यामिली ही त्यांची एकुलती एक मुलगी. हॉटेलच्या कामाचं शिकलेली, इंग्रजी फाडफाड बोलणारी. तिला समुद्रकिनाऱ्यावरच्या एका मोठ्या हॉटेलात नोकरी लागली होती आणि पुढच्या महिन्यात ती जाणार होती. बातमी आली त्या दिवशी डॉन नासारिओ म्हणाले, “वा! खुशाल जा.” एवढ्यावर थांबले असते तर चाललं असतं. पण तेच ते गिरणीत म्हणाले, चर्चच्या पायरीवर म्हणाले, नारळ विकणाऱ्याला म्हणाले. “पोरगी चालली, मला तर आनंदच आहे!” कोणी विचारलेलं नसताना. बायका एकमेकींकडे बघायच्या. आणि पहिल्या दिवशी नाचलेली यामिली हळूहळू गप्प व्हायला लागली.

“तू जाईपर्यंत तू बोल,” डॉन नासारिओ म्हणाले. “पुढचं पुढे. एकदा धंद्याचा जम बसला की मग… बघू.” आणि त्यांनी घाईघाईने अख्खी तोर्तिया तोंडात कोंबली, कारण तोंडात घास असलेल्या माणसाला कोणी पुढचं विचारत नाही.

त्यांच्या मनात काय होतं ते आता उघडच आहे. धंदा चालला तर इंग्रजी बोलणारं माणूस इथेच लागेल, ते माणूस घरचंच असेल, आणि आपल्याला कोणाला “राहा” म्हणून विनवावं लागणार नाही. सगळ्या गावाला हे कळत होतं. आपलं गुपित कोणालाच ठाऊक नाही, असं फक्त डॉन नासारिओंना वाटत होतं.

बातमी दुसऱ्या दिवशी मक्याच्या गिरणीत पोचली. गिरणी एलिहिओ पेचची. बाप्तिस्म्याच्या वेळी यामिलीला त्याने हातावर घेतलं होतं, म्हणून तो आणि डॉन नासारिओ एकमेकांचे कोम्पाद्रे. चक्कीच्या खडखडाटात एलिहिओला जन्मभर ओरडून बोलायची सवय लागलेली, त्यामुळे त्याने दिलेला सल्ला कधी खासगी राहत नाही.

“कोम्पाद्रे, तुमचं चुकतंय कुठे सांगू?”

“मी अजून काही केलेलंच नाही.”

“तेच तर! सहा माणसं म्हणजे काय धंदा झाला? चक्की बंद पडली तरी माझ्या दारात सहापेक्षा जास्त जमतात. बस भरून आणा.”

“लहान गटात आपुलकी असते, कोम्पाद्रे.”

“असेल. पण माकडं दाखवा. माकडं दिसली नाहीत की परदेशी माणूस चिडतो.”

“आपल्या रानात माकडं कुठली?” रांगेतल्या एका बाईंनी विचारलं.

“मग झाडात बसवून कोणाला तरी आवाज काढायला लावा. माझा मेहुणा रिकामाच आहे.”

यावरून वाद पेटला. मेहुण्याच्या आवाजापासून तो हाबानेरो मिरचीवर गेला. एक पक्ष म्हणे, पाहुण्यांना मिरची देऊ नका, जिवाशी जातील. दुसरा पक्ष म्हणे, ती चाखायलाच तर इतक्या लांब येतात. पाहुण्यांना हॅमॉकमध्ये झोपता येतं का, पोहताना त्यांची टक्कलं भाजतात का, शाकाहारी निघाले तर त्यांना घरी पाठवायचं का, अशा सगळ्या बाजूंनी विषयाचा कीस पडला. डॉन नासारिओ ओल्या पिठाचं भांडं घेऊन घरी आले तेव्हा पीठ आंबलं होतं.

मग परवानग्या. गुहा गावाच्या सामाईक जमिनीत, म्हणजे जमीन समितीची सभा आली. अध्यक्ष डॉन गास्पार उक. हे सद्गृहस्थ कोणत्याही विषयावर “दोन्ही बाजू आहेत” असं म्हणून तासभर बोलू शकतात. पाहुण्यांच्या पायांना लागून गुहेतला चिखल गावाबाहेर जाईल, तेव्हा ती सामाईक मालमत्ता बाहेर गेली असं धरायचं का, यावर दोन्ही बाजू झाल्या. शेवटी एका म्हाताऱ्याने विचारलं की आपण सगळे बोललो, पण गुहेच्या मालकांना कोणी विचारलं का. गुहेचे मालक म्हणजे जे दिसत नाहीत ते. त्यांना मक्याचं पांढरं पेय ठेवल्याशिवाय आत पाऊल टाकायचं नाही, या अटीवर ठराव पास झाला. शिक्का मात्र कपाटात होता आणि कपाटाची किल्ली माजी अध्यक्षांकडे होती. ते डॉन गास्पारशी बोलत नव्हते. किल्ली मिळवायला डॉन नासारिओंना माजी अध्यक्षांच्या नातवाच्या वाढदिवसाला जावं लागलं.

तालुक्याच्या कचेरीत आणखी शोभा झाली. तिथे दोन खिडक्या होत्या, एक जेवणाची आणि एक साहसाची. जेवणाच्या खिडकीवरचा मुलगा म्हणाला, यात सायकल आहे, पलीकडे जा. साहसाच्या खिडकीवरची मुलगी म्हणाली, यात डुकराचं जेवण आहे, अलीकडे जा. “मी स्वतः सरकारी माणूस आहे,” डॉन नासारिओ ताठ होऊन म्हणाले. मुलीने त्यांना बाकावर बसायला सांगितलं. त्या बाकावर बसून राहताना त्यांना आपल्या जुन्या कचेरीतला बाक आठवला आणि त्यावर बसणारे लोकही आठवले. तो विचार सुखाचा नव्हता म्हणून त्यांनी सोडून दिला. शेवटी परवानगी निघाली ती एका अटीवर. वाटाड्याने गुहेत असेपर्यंत अंगावरचं जीवरक्षक जाकीट कोणत्याही कारणाने उतरवू नये. डॉन नासारिओंनी अट शब्दशः लक्षात ठेवली. नियम म्हटला की त्यांना जरा बरं वाटायचं.

जेवणाला काय करायचं यावर घरात वाद नव्हता. पिब. अंगणात खड्डा खणायचा, लाकडं पेटवून त्यात दगड लाल होईपर्यंत तापवायचे. डुकराचं मांस आचोतेच्या बियांच्या लाल वाटणात आणि आंबट संत्र्याच्या रसात मुरवून केळीच्या पानांत बांधायचं, दगडांवर ठेवायचं, वरून डहाळ्या, पत्रा आणि माती. मग हात झटकून आपल्या कामाला जायचं. दुपारी उघडलं की मांस बोट लावताच सुटतं.

“पुरणार कोण? एलिहिओ?” डोन्या बासिलिआंनी विचारलं.

“मी. धंदा माझा, पिब माझा.”

म्हातारीच्या हातातली तोर्तिया तव्यावर तशीच राहिली आणि करपली. असं कधी होत नाही. “नासारिओ, विचार करून बोल. ज्याने झाकला त्यानेच उघडायचा असतो. आणि झाकणाऱ्याचं मन ठिकाणावर नसलं तर मांस कच्चं निघतं.”

हे कोणाला ठाऊक नव्हतं? डॉन गास्पारने मुलाच्या लग्नात पिब पुरला आणि अर्धं मांस गुलाबी निघालं होतं. मुलीकडच्यांनी भर मांडवात विचारलं होतं, “काय हो, पोरगी पसंत नव्हती तर आधी तोंड उघडायचं!” ती सून आता तीन लेकरांची आई आहे, पण सासऱ्याशी भांडण झालं की अजून त्या पिबाचा विषय काढते.

“अंधश्रद्धा आहे ही,” डॉन नासारिओ म्हणाले. “मांस शिजतं उष्णतेने. इतकी वर्षं मी पाण्याच्या दाबाचे तक्ते सांभाळलेत, मला शास्त्र कळतं. शिवाय माझं मन अगदी ठिकाणावर आहे.”

“पोरगी चालली आहे.”

“मला तर आनंदच आहे!”

म्हातारीने करपलेली तोर्तिया कोंबड्यांना टाकली. दुसऱ्या दिवशी सकाळी ती स्वतः गिरणीत जाऊन आली, आणि तेव्हापासून साकचेनला परदेशी पाहुण्यांत काडीचाही रस उरला नाही. नासारिओ स्वतः पिब पुरणार आहे. सहल शनिवारी, पोरगी जाणार सोमवारी. मांस शिजलेलं निघतं की कच्चं, एवढंच आता बघायचं होतं.

बघायला यायचं तर निमित्त लागतं. म्हणून सगळे मदतीला आले. कोणी लाकडं आणली, डॉन गास्पारने न फुटणारे दगड म्हणून स्वतःच्या कुंपणाचे दगड काढून आणले, कोणी केळीची पानं, कोणी आंबट संत्री, एलिहिओने खड्डा खणायला दोन माणसं आणि ओरडायला स्वतः. आता ज्याचा पिबाला हात लागला त्याचं ताट मांडावंच लागतं, तशी रीतच आहे. शनिवारी सकाळी वायादोलिद शहराहून गाडीतून सहा परदेशी पाहुणे उतरले तेव्हा अंगणात निम्मं गाव बसलेलं होतं.

“हा लहान गट?” पाहुण्यांतल्या एका उंच माणसाने विचारलं. त्याचं नाव कर्टिस. तो थंड मुलखातला दातांचा डॉक्टर होता आणि त्याला सगळ्यातलं सगळं जाणून घ्यायचं होतं. बरोबर त्याची बायको, माँट्रिअलचं एक जोडपं आणि दोन डच बहिणी. पण बाकीच्यांना प्रश्न पडायच्या आत कर्टिस ते विचारून मोकळा व्हायचा.

“हे घरचेच आहेत,” यामिलीने सांगितलं.

डॉन नासारिओंनी धुतलेला पांढरा सदरा घातला होता. सगळ्यांच्या देखत त्यांनी मांसाची बोचकी लाल दगडांवर ठेवली, डहाळ्या पसरल्या, पत्रा झाकला आणि फावड्याने माती लोटली. माती लोटताना ते एकदाही यामिलीकडे बघत नव्हते, हे मात्र झाडून सगळ्यांनी बघितलं.

कर्टिसने विचारलं, हे सगळे इतके गंभीर का झालेत? यामिलीने सांगितलं. तो भारावूनच गेला. “म्हणजे हे खोटं पकडायचं यंत्र आहे! आणि खाताही येतं?”

“काय म्हणतोय?” डॉन नासारिओंनी विचारलं.

“छान आहे म्हणतोय,” यामिली म्हणाली.

सायकली एलिहिओने गोळा करून दिल्या होत्या. बारा मेहुण्यांच्या घरून आणल्यासारखी प्रत्येकीची तऱ्हा वेगळी. एकीला ब्रेक नव्हते, एकीला फक्त ब्रेकच होते. कर्टिसचे गुडघे हनुवटीला लागत होते, तरी तो प्रत्येक झाडापाशी थांबून नाव विचारायचा. डच बहिणींपैकी धाकटी काटेरी झुडपात गेली आणि तिथे रानटी अननस सापडला म्हणून खूश होऊन परत आली. रानाच्या मध्यावर अचानक कुठूनसा माकडाचा आवाज आला. सगळे थरारून थांबले. पाठोपाठ झाडातून कोणाला तरी जोरदार खोकला आला आणि डॉन नासारिओंनी सगळ्यांना पुढे हाकललं.

गुहेचं तोंड म्हणजे जमिनीतलं एक भोक. त्यात दोराची शिडी सोडलेली. डॉन नासारिओंनी तोंडाशी मेणबत्ती लावली, भोपळ्याच्या वाटीत मक्याचं पांढरं पेय ठेवलं, टोपी काढून गुहेच्या मालकांशी माया भाषेत चार नम्र शब्द बोलले आणि मागे वळले. परत बघतात तो वाटी रिकामी. कर्टिस ओठ पुसत होता.

“छान आहे,” तो म्हणाला. “साखर थोडी कमी पडली.”

बरोबर आलेल्या एलिहिओचा आवाज जन्मात पहिल्यांदाच बसला. “कोम्पाद्रे,” तो कुजबुजला, “आज तुमचं काही खरं नाही.” डॉन नासारिओंनी आपल्या बाटलीतलं पाणी वाटीत ओतलं आणि पाहुणा लांबचा आहे, लहान समजून पदरात घ्या, अशी गुहेची माफी मागितली.

आत मात्र सगळे प्रश्न थांबले. वरच्या भोकातून उन्हाचा एकच पट्टा पाण्यावर पडला होता आणि तेवढं पाणी निळंशार होतं. झाडांची मुळं छतातून खाली पाण्यापर्यंत आली होती. कर्टिससुद्धा गप्प पोहत होता. मग यामिली गळाभर पाण्यात उभी राहून बोलायला लागली. हे पाणी कुठून येतं, कुठे जातं, इथल्या माशांना डोळे का नसतात, आजी लहानपणी इथून घागर कशी न्यायची. डॉन नासारिओंना त्यातलं एक अक्षर कळत नव्हतं. कळत होते ते सहा चेहरे. सहाही जण तिच्याकडे बघत होते आणि ती एखादं वाक्य बोलली की एकदम हसत होते. आपली पोरगी यात पटाईत आहे, हे त्यांना दिसलं. इथेच काय, कुठेही असेल. हा विचार अभिमानाचा असायला हवा होता, पण ते पाठ फिरवून शिडीचे दोर तपासायला लागले.

परत निघताना सगळ्यांना वर चढवून, कप्तानाच्या शिस्तीने ते शेवटी शिडीवर चढले. उतरताना त्यांनी जाकीट आधी खाली टाकलं होतं आणि डोहाच्या काठावर अंगात घातलं होतं. कचेरीची अट होती, गुहेत असेपर्यंत उतरवायचं नाही. त्यांनी उतरवलं नाही. भोकात डोकं आलं, खांदे आले, आणि जाकीट अडकलं. दोन्ही हात आत, डोकं बाहेर, वरही नाही आणि खालीही नाही.

कर्टिसने सदऱ्याला धरून ओढलं. माँट्रिअलच्या गृहस्थांनी कर्टिसला धरून ओढलं. सदरा फाटल्याचा आवाज आला, माणूस जागचा हलला नाही. “पेय प्यायलात ना, आता भोगा!” एलिहिओ कर्टिसवर ओरडला आणि गावातून दोर आणायला सायकलवरून पळाला. त्या सायकलीला ब्रेक नव्हते, हे सगळ्यांना उशिरा आठवलं. पाहुणे झाडाखाली सावलीला बसले. सहलीत हे धरलेलंच असेल असं वाटून डच बहिणींनी फोटो काढले.

यामिली बापाच्या डोक्याशी बसली आणि ओल्या रुमालाने त्यांचं तोंड पुसायला लागली.

“दुखतंय का?”

“छे. उत्तम आहे.”

“ताता, मी परवा जाणार.”

“ठाऊक आहे. खुशाल जा.”

“तुम्हाला काहीच वाटत नाही?”

जमिनीतून नुसतं डोकं बाहेर असलेल्या माणसाला तोंड फिरवायलाही जागा नसते. त्यांनी डोळे मिटून घेतले. “मला काय वाटायचंय? नोकरी चांगली आहे. मला तर आनंद…”

“असूदे,” यामिली म्हणाली आणि रुमाल बाजूला ठेवला. मग तिने पाहुण्यांकडून एक चाकू मागून घेतला, बापाच्या बरगड्या आणि दगड यांच्या फटीत हात घातला आणि जाकिटाचे पट्टे एकेक करून कापले. डॉन नासारिओ वर आले तेव्हा उन्हं कलली होती. सदऱ्याची एक बाही गुहेच्या मालकांकडे राहिली ती राहिलीच.

गावात सगळे थांबलेले होते. पिब उघडायची वेळ कधीच टळून गेली होती, पण झाकणारा हात नसताना उघडणार कोण? भुकेने व्याकूळ झालेलं निम्मं गाव मातीच्या त्या ढिगाभोवती बसून होतं आणि कोणी त्याला हात लावलेला नव्हता. निदान तसं सांगण्यात आलं.

“शिजून गाळ झाला असेल,” डॉन नासारिओ म्हणाले. मनातून त्यांना हायसं वाटलं होतं. इतका वेळ जमिनीत राहिल्यावर दगडसुद्धा शिजला असता. एका बाहीच्या सदऱ्यात त्यांनी फावडं उचललं, माती सारली, पत्रा काढला, पान उलगडलं.

मांस गुलाबी होतं. कडेला जेमतेम पांढुरकं, आत कच्चं.

पुढचे लोक एक पाऊल मागे सरले. कोंबड्या तेवढ्या पुढे आल्या. डोन्या बासिलिआंनी आधी मांसाकडे पाहिलं, मग जावयाकडे, आणि मान खाली घातली. मघापर्यंत याच क्षणासाठी ताटकळलेल्या गावाला आता तो बघवेना. डॉन नासारिओ फावडं धरून उभे होते आणि त्यांचे कान लाल झाले होते.

“दगडांचा दोष,” डॉन गास्पार एकदम म्हणाले. त्यांनी जन्मात पहिल्यांदा एकच बाजू मांडली. “माझे दगडच नालायक. कुंपणाचे होते ते.”

“नाही नाही, लाकूड ओलं होतं. मीच आणलं होतं,” दुसरा म्हणाला.

“पानं कोवळी होती हो माझी,” एक बाई म्हणाल्या.

इतक्यात कर्टिस खड्ड्यावर वाकला. त्याने मातीत बोट घातलं आणि यामिलीला विचारलं, “ही भोकं कशाची?”

मातीच्या उरलेल्या थरात, पत्र्याच्या कडेकडेने, काठीने पाडलेली भोकं होती. एक नव्हे, चाळणीच होती. सगळ्यांनी आभाळाकडे पाहिलं.

“मी एक पाडलं,” शेवटी एलिहिओ म्हणाला. त्याच्या कपाळाला पट्टी होती. “दोर न्यायला आलो तेव्हा. उघडला नाही हं! नुसता वास घेतला. कच्च्याचा येतो का ते बघायला.”

“एक माझं,” डॉन गास्पार म्हणाले. “किंवा दोन.”

मग चारी बाजूंनी कबुल्या यायला लागल्या. कोणी उघडला नव्हता, रीत कोणी मोडली नव्हती. प्रत्येकाने फक्त एकेक भोक पाडून नाक लावलं होतं आणि उष्णता त्या सगळ्यांच्या नाकांतून निघून गेली होती. अंगण हसायला लागलं. “म्हणजे शास्त्रच निघालं, कोम्पाद्रे!” एलिहिओ ओरडला. “तुमचं मन अगदी ठिकाणावर होतं! आमचीच नाकं आडवी आली!”

डॉन नासारिओंची अब्रू अशी ताटात वाढून समोर आली होती. त्यांनी फक्त हसून “मी म्हणत नव्हतो?” एवढं म्हणायचं होतं. ते हसलेही. मग त्यांची नजर यामिलीकडे गेली. ती हसत नव्हती. ती पाहुण्यांसाठी पाण्याचे पेले भरत होती.

“भोकं नसती तरी कच्चंच निघालं असतं,” ते म्हणाले.

हसणं थांबलं. यामिलीने तांब्या खाली ठेवला. “काय म्हणालात?”

“मला आनंद वगैरे काही झालेला नाही. तू जाऊ नयेस असं वाटतं. पहिल्या दिवसापासून वाटतं.”

“मग पहिल्या दिवशीच सांगायला काय झालं होतं? मी रोज विचार करते, हा माणूस मला घालवायला इतका उतावीळ का झालाय!”

“सांगितलं असतं तर तू राहिली असतीस.”

“म्हणून तुम्ही सहा माणसं, सायकली, गुहा, एवढा सगळा उपद्व्याप…”

“धंद्यासाठी राहिली असतीस तर गोष्ट वेगळी होती,” डॉन नासारिओ खाली बघत म्हणाले. “माझ्यासाठी राहायला नको होतीस.”

यामिली हसली आणि हसता हसताच तिला रडू फुटलं. तिने बापाच्या बाही नसलेल्या दंडाला धरलं. “मी जाणार आहे, ताता.”

“जा. मी तुला गुहेत बोलताना पाहिलं ना.” या वेळी ते ‘खुशाल’ म्हणाले नाहीत.

“काय झालं? काय म्हणाले ते?” कर्टिस ज्याला त्याला विचारत होता. पण इंग्रजी बोलणारी एकटीच होती आणि ती रडत होती. शेवटी एलिहिओने ते काम अंगावर घेतलं. त्याने एक बोट मांसावर ठेवलं, एक डॉन नासारिओंच्या छातीवर ठेवलं आणि आपल्याच भाषेत गिरणीतल्या आवाजात ओरडला, “कच्चं! दोन्ही!” कर्टिसला सगळं समजलं. त्याने चष्मा काढून पुसला.

“झालं असेल तर ते मांस उचला,” डोन्या बासिलिआ नाक ओढत म्हणाल्या. “माणसं उपाशी आहेत.” त्यांनी चुलीच्या तीन दगडांवर मोठं पातेलं चढवलं, केळीच्या पानांसकट सगळं त्यात टाकलं आणि झाकणावर स्वतः हात ठेवून बसल्या, म्हणजे कोणाचं नाक आडवं येऊ नये. अंधार पडता पडता सगळे जेवले. डच बहिणींनी हाबानेरो मागून घेतली आणि जगल्या. मांस बोट लावताच सुटत होतं.

सोमवारी यामिलीची बस चौकात आली. डॉन नासारिओंनी पेटी वर चढवली, ती पक्की बसली का ते दोनदा बघितलं आणि ड्रायव्हरच्या खिडकीशी जाऊन उभे राहिले.

“मुलगी चालली वाटतं?” ड्रायव्हरने विचारलं.

“हो,” डॉन नासारिओ म्हणाले. “मला फार वाईट वाटतंय. सावकाश चालवा.”